मागे वळून बघणारा सरपंच

९ जानेवारी, भवानीनगर
शनिवारी सांगवीत माझ्या चित्रपटाचा पहिला खेळ. पडदा तिथले जुने बागायतदार, तात्यांच्या अंगणात. शूटिंगला घर त्यांचं, ट्रॅक्टर त्यांचा, युनिटचं जेवणही. आणि चित्रपटातल्या सरपंचाला मी चाल दिली तीही त्यांचीच: थोडं चालायचं, थांबायचं, मान वळवून मागे बघायचं. लोक येताहेत ना, अशा थाटात. सरपंच मीच झालोय. तात्यांना माहीत नाही. राजू कॅमेऱ्यामागून म्हणाला होता, कुणाला ओळखू यायचं नाही. तेव्हा पटलं.

११ जाने.
सांगवीची पोरं खेळाआधी तात्यांचा सत्कार करणार. सांगून पाहिलं, खेळानंतर ठेवा; आधी चालताना दिसले तर लगेच ओळखतील. "आधी मान, मग शिनिमा. तात्यांना ताटकळत ठिवायचं व्हय?"
जेवण गेलं नाही. अम्मी म्हणाली, "लगीन हाय का काय तुझं?"

शनिवार, रात्री
झालं. तात्यांचं नाव पुकारलं. ते उठले, चालले, थांबले, मागे बघितलं, पुन्हा चालले. सगळ्या गावासमोर. शाल, नारळ, टाळ्या. दिवे मालवले आणि पडद्यावर सरपंच आला. तसाच.
मग हसू. इतकं हसू मला आजवर मिळालेलं नाही.
"तात्या, तुमचा जुळा भाऊ बघा!"
ते पहिल्या रांगेत, शाल अंगावर तशीच. मी पडद्याच्या कडेला. त्यांचा चेहरा दिसेना. निघताना म्हणाले, "जेवून जा." एवढंच.

१७ जाने.
पुण्याचा वितरक इंदापूरच्या खेळाला येणार. त्याने घेतला तर पुढचा चित्रपट. नाहीतर अब्बांचं दुकान.
चाल कापून पाहिली. सरपंच राहतो, हसू जातं.
राजू: "ठेव की मग. तात्या काय बोललेत का?"
नाहीत. भीती त्याचीच.

२० जाने.
माफी मागायला सांगवीला. तात्या शेतात. त्यांची सून, सुनंदावहिनी, भांडी घासत होत्या.
"मामंजींनी चौकात जायचं सोडलं, भावजी. पोरं मागनं तशीच चालत्यात. थांबत्यात. हसत्यात."
मग सहज, राख हाताला तशीच: "आत्याबाई, माझ्या सासू, त्यांचे गुडघे धरलेले. चालताना मागं राहायच्या. मामंजी थांबून बघायचे. त्या गेल्या, सवय ऱ्हायली."
चहा निवला. माफी कशाची मागायची, तेच कळेना; तात्यांना न भेटताच परतलो.

२४ जाने.
सकाळी तात्यांचा फोन, ये म्हणून. उसाच्या कडेच्या वाटेवर नेलं.
"सलीम, बघ रं. आता थांबत न्हाय मी."
चालू लागले. ताठ. शिकवल्यासारखे. मी मुद्दाम मागे राहिलो, बराच. मग हाक मारली, "तात्या."
ऐकू गेली. खांदे हलले. पण वळले नाहीत. वाट संपेपर्यंत नाहीत.

उद्या इंदापूर. वितरकाचा निरोप आला, येतोय. चित्रपट दोन पेनड्राइव्हवर भरून ठेवलाय, चालीसकट आणि चाल कापून. एकात तात्या आहेत, एकात नाहीत. दोन्ही काळेच. खूण करायला हात होत नाही.