गाढवाला केलेला सलाम

दादर, मुंबई
१९ नोव्हेंबर १९५६

तीर्थरूप आबांच्या पायांवर बळवंतचं डोकं.

इकडे मी बरा आहे. खोकला आहे, पण तो स्टुडिओतल्या धुळीचा. आईचे गुडघे कसे आहेत? आपलं मध्यभारत राज्यही मोडून नव्या राज्यात गेलं म्हणतात. तुमची पेन्शन आता भोपाळहून येणार की कसं, ते कळवा.

धाकट्या शरयूचं पत्र मिळालं. आपल्या पडाव भागातल्या टाकीजमध्ये माझं पिक्चर लागलंय, आणि तुम्ही रविवारी महिपतकाकांना आणि पलटणीतल्या जुन्या मंडळींना घेऊन बघायला जाणार, असं ती लिहिते. आबा, जाऊ नका. तिथल्या बाकांत खटमल आहेत. पिक्चरही फालतू, घाईत उरकलेलं. पुठ्ठ्याचा किल्ला, आणि बाया उगाच पाण्यात पडून भिजतात. छावनीतल्या माणसांनी बघावं असं काही नाही त्यात.

पण तुम्ही म्हणाल, पोराचं काम आहे, जाणारच. म्हणून खरं लिहितो.

त्यात मी किल्ल्याचा पहारेकरी आहे. पहिल्या दिवशी पिक्चर काढणारा सेठ म्हणाला, "राजा आएगा, सलाम मार." मला सलाम एकच येतो. ग्वाल्हेरची फौज मोडली तरी दर दसऱ्याला तुम्ही जुना कोट चढवून दारात उभे राहता आणि महाराजांच्या सवारीला करता, तो. टाच आपटायची, मान वर, पोट आत, आणि कपाळाशी थरथरणारा तो हात. मी मन लावून केला, आबा.

सगळे हसले. कॅमेरावाला तर पोट धरून खाली बसला. सेठ म्हणाला, "अरे ग्वालियर, ये तो सोना है! अब गधे को मार."

मग गाढवाला मारला. डाकूंना मारला. धोबिणीला मारला. आता रस्त्यात पोरं मला बघून टाच आपटतात. सलाम कोणाचा आहे, ते महिपतकाका बघताक्षणी ओळखतील.

पुढच्या महिन्यात नवीन पिक्चर आहे. सेठला तोच सलाम पाहिजे, नाहीतर दुसरा माणूस बघतो म्हणतो. इतके दिवस मुडदा झालो, चोर झालो, दारुडा झालो, कोणी नाव विचारलं नाही. पोस्टरवर नाव आलं ते या सलामामुळे. थकलोय आबा. सेठला अजून हो म्हटलेलं नाही. नाही म्हणायला तोंड उघडत नाही.

तेव्हा आता उलटंच लिहितो. जा. पण एकटे जा. लोक हसतील, तिकडे लक्ष देऊ नका. पहिला सलाम तेवढा बघा, राजाला केलेला. तो मी हसवायला केला नव्हता. बघून झालं की मला हो किंवा नाही, एवढंच लिहा. मी तेच सेठला सांगेन.

तुमचा हुकूम येईपर्यंत हात खाली ठेवून बसलेला,
बळवंत