ब्रेक न दाबलेलं वळण

दादा,

आपल्या लहानपणीच्या रेसिंग गेमची नवी आवृत्ती आमच्या कंपनीने काढली, त्याला आठ वर्षं झाली. जुन्या गेममध्ये भिंतीला धडकलं की शर्यत संपायची. लोक कंटाळतात म्हणून मीच ते बदललं. आता गाडी भिंतीला घासून पुढे जाते. तू रात्रंदिवस तेच खेळलास.

काल आईला दवाखान्यातून आणताना तू वळणावर ब्रेकच दाबला नाहीस. आरसा भिंतीला घासून तुटला. तू हसलास, "घाबरतेस काय? तुझ्याच गेममध्ये शिकलोय."

घरी आल्यावर मी गाडीची किल्ली लपवून ठेवली.

आत्ता बाहेर तू गाडीची किल्ली शोधतोयस. आई आजही दवाखान्यात जायला चपला घालून बसली आहे. किल्ली माझ्या मुठीत आहे. हे पत्र तुला देणार नाही. दार उघडून तोंडावरच 'नाही' म्हणायचंय, पण मी अजून लिहीतच बसले आहे.

तुझी धाकटी