हशाची जागा

ती. आत्या हिस,

साष्टांग नमस्कार, आणि त्याच्या पाठोपाठ तुझ्या गुडघ्यांची चौकशी. दोन्हींची वेगवेगळी, कारण गेल्या खेपेला मी नुसतं ‘गुडघा कसा आहे’ असं विचारलं होतं आणि ‘कोणता ते लिहावे, मोघम विचारू नये’ असं तू उलट टपाली कळवलं होतंस. डावा बरा असेल आणि उजवाही हळूहळू वठणीवर येत असेल असं धरून चालते. इकडे आम्ही दोघं ठीक. नवरा थोडा वाळलाय, पण त्याचं कारण पुढे येईल. पत्र हाताने लिहिते आहे, कारण टाइप केलं तर तू मजकूर बाजूला ठेवून समास मोजायला बसशील. तीस वर्षं टाइपिंगचा क्लास चालवलेल्या बाईला टाइप केलेलं पत्र पाठवणं म्हणजे शिंप्याला घरी शिवलेला सदरा दाखवणं.

वाईट बातमी आधीच सांगते, म्हणजे बाकीचं तू निवांत वाचशील. माझा चित्रपट अडला आहे. सगळा झालाय, शेवटचं एक दृश्य तेवढं राहिलंय. ते या महिन्याच्या तीस तारखेच्या आत झालं नाही, तर ज्या एकमेव महोत्सवाने ‘पाठवा, बघू’ असं म्हटलंय (या धंद्यात याला होकार समजतात) तिथलं दार बंद होईल. मग दोन वर्षांची मेहनत कपाटात जाईल आणि मी पुन्हा कुणाची तरी विनोदी वहिनी होईन.

तुला वाटत असेल, एवढी चांगली चाललेली मालिका सोडून हिला ही अवदसा का आठवली. अकरा वर्षं मी ती वेंधळी वहिनी केली. (तू ती आवाज बंद करून बघायचीस, हे मला बाबांनी सांगितलंय. राग नाही.) लोकांनी जीव लावला, खोटं कशाला बोलू. पण पोटात कळ येऊन मी दवाखान्यात आडवी पडले, तर डॉक्टर तपासता तपासता हसू दाबत होते. आमच्या खालच्या मजल्यावरचे आजोबा गेले, शोकसभेत दोन शब्द बोलायला मी उभी राहिले आणि ‘आजोबा मला फार जवळचे होते’ या पहिल्याच वाक्याला मागच्या तीन रांगा हसल्या. आजोबांची मुलगीसुद्धा हसली, मग रडली, मग माझा हात धरून म्हणाली, बरं वाटलं. तिला बरं वाटलं, मला मात्र घरी आल्यावर जेवण गेलं नाही. आपल्या तोंडून एकही खरी गोष्ट कुणाला खरी वाटू नये, हे काही बरं नव्हे. तेव्हाच ठरवलं, आता कॅमेऱ्याच्या मागे.

मागे गेल्यावर कळलं की तिथे उभं राहायला जागाच नसते. आम्ही सगळे मिळून पाच जण, आणि चित्रीकरण आमच्याच घरात. ध्वनिमुद्रण करणारा माणूस इतका तिखट कानाचा, की त्याने पहिल्या दिवशी पंखा बंद केला, दुसऱ्या दिवशी फ्रिज आणि तिसऱ्या दिवशी भिंतीवरचं घड्याळ काढून गादीत गुंडाळलं. चौथ्या दिवशी त्याला नवऱ्याचा श्वास ऐकू यायला लागला. तेव्हापासून नवरा गच्चीत. तो कामावरून येऊन जिन्यात डबा खायचा आणि ‘झालं का’ असा निरोप पाठवायचा. फ्रिज बंद असल्याने त्या डब्यात रोज काय असायचं ते विचारू नकोस. (तर हे ते वाळण्याचं कारण.)

आता खरी फजिती ऐक. मालिकेत प्रेक्षक नसतात, हसणं मागाहून भरतात. त्यामुळे प्रत्येक वाक्यानंतर नटाने मनात एक-दोन-तीन मोजून थांबायचं असतं. आम्ही त्याला हशाची जागा म्हणायचो. त्या जागेत नुसतं उभं राहिलं तर माणूस ठोंब्या दिसतो, म्हणून काहीतरी करायचं, उशी झटकायची, भांड्यावरचं झाकण उचलून बघायचं. अकरा वर्षांत ही खोड माझ्या हाडात मुरली. घरी मी ‘भाजी संपली’ एवढं बोलून थांबते, टेबल पुसते, आणि नवरा म्हणतो, बोल पुढे. तर चित्रपटातल्या माझ्या नटमंडळींना प्रत्येक वाक्य मीच म्हणून दाखवलं. त्यांनी ते इमानेइतबारे उचललं, जागेसकट. गंभीर चित्रपट, त्यात मृत्यू, त्यात भावाबहिणीचं भांडण, आणि जो तो बोलून झालं की थांबतोय आणि उशी झटकतोय. कुणी अवाक्षर काढलं नाही. कॅमेरामनला वाटलं, हीच ती कला. उशांवर तर त्याने फार सुंदर उजेड टाकलाय.

शेवटी सगळं घेऊन मी संकलक बाईंकडे गेले. या बाई चष्मा कपाळावर ठेवून बिस्किटं खात काम करतात आणि कुणाची भीड ठेवत नाहीत. वीस मिनिटं बघून त्यांनी चित्र थांबवलं.

“वहिनी,” त्या म्हणाल्या, “ही माणसं कशाची वाट बघताहेत?”

आत्या, त्या क्षणी मला धरणीने पोटात घेतलं असतं तर मी आत सरकून नटमंडळींनाही जागा करून दिली असती. मग आम्ही आठवडाभर नुसत्या जागा कापल्या. पावणेतीन तासांचा चित्रपट दीड तासावर आला. थोड्या जागा बाईंनी राहू दिल्या. म्हणाल्या, माणसं कधीकधी खरंच थांबतात, काय बोलावं ते न सुचून. मला ते फार आवडलं.

फक्त शेवटचं दृश्य कापता येईना. त्यात नायिका एकटी बसून टाइप करते. (नायिका टाइपिंग शिकवते. टाइपिंग शिकवणाऱ्या बायका जगात पुष्कळ असतात.) काम करणारी नटी दोन बोटांनी टाइप करायची, आणि प्रत्येक ओळ संपली की हात उचलून थांबायची. पुन्हा घेऊ म्हटलं तर ती नव्या मालिकेत गेली. तिथे तिला सासूचं काम मिळालं आहे, येणार नाही. असो. आपलं रडगाणं फार झालं. प्रकृतीला जप. बाबांचा नमस्कार.

तुझी,
वेंधळी

ता. क. जाता जाता एक बारीकसं काम. गुरुवारी सकाळी दहाला तुला मोकळीक आहे का? गाडी पाठवते. काही करायचं नाही, मशीनपुढे पाठमोरं बसायचं. नुसती पाठ हवी.

ता. क. २. संकलक बाई म्हणतात, पाठ पुरणार नाही, हातही लागतील. दहाही बोटं.

ता. क. ३. नवऱ्याने पत्र वाचलं आणि म्हणाला, आत्याला फसवतेस होय? तर सांगते. चेहराही लागेल, शेवटच्या दृश्यात नटीच्या जागी तूच दिसशील. नायिका तूच आहेस, हे तू मघाच्या कंसातच ओळखलं असशील. ते दृश्य तुझ्या क्लासच्या शेवटच्या दिवसाचं आहे. त्या दिवशी मी नक्की येते म्हणाले होते, आणि आमच्या मालिकेच्या हजाराव्या भागाचा केक कापत बसले. तू कधी एका शब्दाने विचारलं नाहीस. विचारलं असतंस तर बरं झालं असतं. चित्रपटात तू शेवटचं पान काढून घेतेस, मशीनवर कापड घालतेस, आणि मान वर करतेस तेव्हा भाची दारात उभी असते. ते काम मी करते आहे, संवाद एकही नाही. खरं काय झालं ते आपल्या दोघींना ठाऊक आहे. चित्रपटात मी येते. तेवढं मला येऊ देशील का?