ऑटमार लिंडेक यांच्या रंगपेटीची आणि माझ्या घराची व्यवस्था

मी, सरोजिनी ऑटमार लिंडेक, माहेरची सरोजिनी शंकर डोंगरे, वय सत्तर, मूळची पुण्याची, मग हॅम्बुर्गची आणि आता हौगांग, सिंगापूर येथे राहणारी, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाविना स्वतःच्या हाताने लिहीत आहे. गुडघे गेले आहेत. डोके शाबूत आहे, असे डॉक्टरांचेही म्हणणे आहे. याआधीचे माझे कोणतेही मृत्युपत्र रद्द समजावे.

माझे पती श्री. ऑटमार लिंडेक, जर्मन चित्रपट व दूरचित्रवाणीतील चरित्र अभिनेते, दोन वर्षांपूर्वी वारले. ‘श्री.’ कायद्यापुरते. घरात तो ऑटमारच होता आणि पुढे मी तसेच लिहिणार आहे.

कलम १. हॅम्बुर्गचे घर विकून घेतलेला हौगांगचा फ्लॅट (इथे त्याला काँडो म्हणतात) आमची एकुलती एक मुलगी जाई हिला मिळावा. बँकेतल्या ठेवी निम्म्या जाईला, निम्म्या नात मधुवंती हिच्या शिक्षणासाठी. ही सर्व व्यवस्था जावई प्रबोध यांनी पाहावी. ते अकाउंटंट आहेत, त्यांना सांगायला नको.

कलम २. ऑटमारची मेकअपची पेटी इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या नाटकवाल्यांना द्यावी. अट एकच: दुसऱ्या मुलखातल्या माणसाची टिंगल करण्यासाठी त्यातला रंग कोणाच्याही तोंडाला लागता कामा नये. अटीचे कारण लिहून ठेवते.

१९६३ साली मी हॅम्बुर्गच्या एका स्टुडिओत कपडेपटात शिवणकाम करत होते. ऑटमार तेव्हा पोस्टमन, वेटर, शेजारी अशी कामे करायचा. त्याला पहिल्यांदाच मोठी भूमिका मिळाली होती, भारतातल्या एका भोंदू साधूची. दिग्दर्शक हार्टविग यांनी मला भगवी कफनी शिवायला सांगितली. ती घेऊन मी गेले तेव्हा ऑटमार तपकिरी रंग फासून आरशासमोर बसला होता.

“फ्रॉइलाइन, तुमच्याकडचा वाटतो का हा माणूस?” त्याने विचारले. अविवाहित मुलीला तिकडे फ्रॉइलाइन म्हणत.

मी म्हटले, “आमच्याकडे असं कोणीच दिसत नाही. माझे वडील गणित शिकवतात.”

त्याने आरशात पुन्हा पाहिले. मग उठला, बेसिनवर जाऊन तोंड धुतले आणि तसाच ओल्या चेहऱ्याने हार्टविगसमोर उभा राहिला. “मला हा माणूस सापडत नाही. दुसरा नट बघा.”

हार्टविग ओरडले, “या कपडेवालीसाठी?”

“नाही. माझ्या कामासाठी,” ऑटमार म्हणाला.

त्या स्टुडिओने त्याला पुन्हा बोलावले नाही. तो बंदरावरच्या गोदामात पोती उचलू लागला आणि संध्याकाळी परदेशी चित्रपटांना आवाज द्यायचा. पुढच्या वर्षी आम्ही लग्न केले. हार्टविग यांना मी माफ केलेले नाही. ते वारले असले तरी या कलमात फरक पडत नाही.

कलम ३. त्याच्या कामांच्या व्हिडिओ टेपा मधुवंतीला. बाळ, तू पाहशील तेव्हा नावे वाचत बसू नकोस, त्याचे नाव खाली बारीक अक्षरांत असते. तू हात बघ. काही वर्षांनी दूरचित्रवाणीच्या एका मालिकेत खेडेगावच्या डॉक्टरची भूमिका त्याला मिळाली, तेव्हा रोगी तपासण्याआधी तो तळहात एकमेकांवर चोळून गरम करायचा. हे कोणी लिहून दिले नव्हते. त्या मालिकेने तो घराघरांत पोचला. बेकरीत बायका त्याला आपली दुखणी सांगायच्या आणि तो बिचारा “खऱ्या डॉक्टरांना भेटा हो” म्हणत पाव न घेताच परत यायचा. पुढे त्याने पाद्री केले, खुनी केले, पोलीस खात्यातला निवृत्तीला आलेला हवालदार केला. कोणताच माणूस त्याने हलक्या हाताने केला नाही.

कलम ४. ऑटमारचा लोकरी ओव्हरकोट माझा भाऊ निशिकांत याला पुण्यास पाठवावा. तो आमच्या लग्नाला आला नाही. पत्रात लिहिले, “नट आहे म्हणतेस, मग कोणी ओळखत कसं नाही त्याला?” चार वर्षांपूर्वी तो इथे आला, तेव्हा मंडळाच्या गणेशोत्सवात ऑटमारने मराठी एकांकिकेत घरमालकाचे काम केले. घर सोडायला निघालेल्या भाडेकरूला म्हणायचे एकच वाक्य होते: “चावी तुमच्याजवळच ठेवा.” मधुवंतीकडून तो रोज घोटून घ्यायचा. ती आजोबांना जर्मन हाक मारून इथल्या इंग्रजीत म्हणायची, “ओपा, युवर ‘ळ’ इज बेटर दॅन माइन, लाह!” प्रयोगात गोरा घरमालक आला म्हणून लोक हसले. मग त्याने ते वाक्य म्हटले, आणि सभागृहात कोणी हलले नाही. निशिकांत रंगमंचामागे येऊन त्याचे दोन्ही हात धरून म्हणाला, “मेहुणे, पुण्याला जेवायला या.” लग्नाला न आल्याबद्दल मला मात्र अजून काही बोललेला नाही. पुण्यात त्या कोटाचा उपयोग शून्य आहे. कपाटात जागा अडवेल, तेवढे पुरे.

कलम ५. माझ्या अस्थी, ऑटमारच्या सोडल्या तशाच, इथल्या समुद्रात सोडाव्यात. भाषणे नकोत.

कलम ६. हे मालमत्तेचे नाही, पण जाईच्या वाट्याचे आहे. जाई, शाळेत मुली तुला चिडवायच्या की तुझा बाबा कधीच हीरो नसतो. ते तू मनात धरलेस, मला ठाऊक आहे. शेवटच्या आजारात हॉस्पिटलमध्ये तू विचारलेसच, “बाबा, तुम्हाला कधी वाईट नाही वाटलं?” तेवढ्यात नर्स आली, तू बाहेर गेलीस. उत्तर त्याने मला दिले. दोनदा तुला सांगायला गेले आणि दुसरेच काहीतरी बोलून परत आले. म्हणून इथे लिहिते. तो म्हणाला:

“हीरोचं शूटिंग रात्रीपर्यंत चालायचं, सरोजिनी. माझं दुपारी संपायचं. जाई शाळेतून सुटायची तेव्हा मी फाटकाशी उभा असायचो. तिला सांग, तेवढ्यासाठी मी मोठी कामं सोडली. एकदाही वाईट वाटलं नाही.”

वरील मजकूर मी पुन्हा वाचला. एक शब्दही बदलायचा नाही.

सही: सरोजिनी ऑटमार लिंडेक

आम्हा दोघांच्या समक्ष, एकाच वेळी ही सही झाली. आमचा या मालमत्तेत काही हिस्सा नाही.

साक्षीदार १: शुभदा विश्वास केळुसकर, बुओना व्हिस्टा
साक्षीदार २: लिम स्यू एंग, शेजारीण, हौगांग (यांना मराठी येत नाही, मी हसतमुखाने सही केली, एवढे त्या सांगतील)

स्थळ: हौगांग, सिंगापूर
दिनांक: १२ ऑगस्ट २००६