मागच्या पानांवरचं उत्तर

सर, तुम्हाला जाऊन पुष्कळ वर्षं झाली, तरी तुम्ही ज्याला तुमचं पुस्तक दिलंत त्याचा हेवा माझ्या मनातून गेलेला नाही. सकाळी पूजेला बसतो, तळहातावर इष्टलिंग असतं, मन स्थिर होत आलेलं असतं आणि मध्येच ते कॅलक्युलसचं जाड पुस्तक आठवतं, जुन्या कॅलेंडरचं कव्हर घातलेलं.

उदगीरच्या कॉलेजात आम्ही खेड्यांतली पोरं इंग्रजी पुस्तक कसं वाचायचो, हे तुम्हाला ठाऊक होतं. धडा सोडून द्यायचा, सोडवून दाखवलेली गणितं पाठ करायची. बाकीच्या गणितांची उत्तरं आधी पुस्तकाच्या मागच्या पानांवर बघायची, मग तिथपर्यंत वाट काढायची. त्या दिवशी क्षेत्रफळाच्या एका गणिताला सगळ्यांचं उत्तर पुस्तकासारखं आलं होतं. माझ्या वहीत तुम्ही नेहमीचं 'बरोबर' लिहीत होतात, तेवढ्यात मागच्या बाकावरचा देवणीचा पोरगा उठला.

"सर, पुस्तक चुकलंय. खाली दोन पायजे."

"पुस्तकापरीस शाना झाला का रे?" कुणीतरी म्हणालं. वर्ग हसला.

तुम्ही त्याला फळ्यावर बोलावलंत. छेदातला दोन त्यानं शेवटपर्यंत जागेवर ठेवला. मग तुम्ही आमच्या वह्या पुन्हा मागवल्यात आणि एकेक बघू लागलात.

"दोन सगळ्यांनीच गाळला की. पर ज्यानं त्यानं येगळ्या ओळीत." माझ्याकडं पाहिलंत. "तुझा तिसऱ्या ओळीत कुठं गेला गा?"

"सर, मागं तसंच हाय."

"मागं हाय म्हणून?"

आणि तुम्ही हसायला लागलात. खुर्चीत बसून, खांदे हलेपर्यंत. "मी बी इतकी वर्षं हेच शिकवून राहिलो. मला बी दिसलं न्हाई." टेबलावरचं तुमचं पुस्तक उचलून त्या देवणीच्या पोराच्या हातात दिलंत. "घे. आता ह्यात माझ्या चुका शोध."

त्याला तुम्ही पुढंही रोज रागावायचात, रोज त्याच्याशी भांडायचात. माझ्या वाट्याला फक्त 'बरोबर' यायचं. तेवढ्यावर मी प्राध्यापक झालो.

आता लातुरात तेच शिकवतो. पोरं मोबाईलनं गणिताचा फोटो काढतात आणि पडद्यावर येईल ते उतरवून घेतात. परवा तास संपल्यावर किनवटकडची एक मुलगी लायब्ररीचं पुस्तक घेऊन थांबली. "सर, हे मागचं उत्तर जमंना. माझं उणे येऊन राहिलंय." तिचं बरोबर होतं, एका नजरेत दिसलं. मी तुमच्या त्या हसण्याची वाट पाहिली. ते मला आलंच नाही. आली ती जुनीच जळजळ, पण या वेळी त्या पोरावर नव्हे, तुमच्यावर. भरल्या वर्गात स्वतःची चूक कळली आणि तुम्हाला आनंद झाला. तो कुठून आणला होतात, सर?

"घरी बघून सांगतो," मी म्हणालो. आज तिनं विचारलं, "सर, बघितलं का?" मी म्हटलं, "राहून गेलं."

राहून गेलं नव्हतं. परवाच कागद घेऊन बसलो होतो, उत्तर पुस्तकासारखं येतंय का ते बघायला. तिसऱ्या ओळीत उणे गाळलं की येतं.

उद्या तिला फळ्यावर बोलावतो. हे पत्र त्याच कागदाच्या पाठीमागं लिहिलंय; उलटलं की ती तिसरी ओळ दिसेल, त्यामुळं तुम्हाला दाखवता येणार नाही.