चौथ्या कलमावर ठेवलेला हात

१६ नोव्हेंबर, रविवार. देवास

१३ तारखेची नोंद चुकीची आहे. तिथं लिहिलंय, 'डहीच्या मुलीनं अंतराळ कराराचं कलम चुकीचं सांगितलं, मी ते दुरुस्त केलं आणि आपण जिंकलो.' डहीची मुलगी बरोबर होती. चुकले मी. ती ओळ खोडत नाही. खोडली तर चूक नव्हतीच असं वाटायला लागेल.

नीट लिहून ठेवते. धारला वादविवाद स्पर्धा. विषय: अंतराळात शस्त्रं तैनात करणं देशाच्या सुरक्षेसाठी आवश्यक आहे. डहीच्या शाळेची रेशम बाजूनं, माझी विद्यार्थिनी पलक विरोधात. पलक म्हणाली, करारानं अंतराळात सगळ्याच शस्त्रांना बंदी आहे, मग आपण करार मोडायचा का? रेशम ताडकन उठली. "सब पर नहीं है. सिर्फ परमाणु और महाविनाश वाले हथियारों पर है." परीक्षकांनी दोन्ही शाळांच्या शिक्षकांना विचारलं. तिचे सर हिंदी शिकवतात, ते म्हणाले, "मैडम साइंस की हैं, उन्हें पता होगा." मी म्हटलं, "सब पर. चौथी धारा."

सभागृह हसलं. मागून कुणीतरी, "बैठ जा बेटा, बैठ जा." रेशमचे गुण कापले. पलक पहिली, पुढच्या फेरीला भोपाळला जाणार. रेशम दुसरी.

छापील करार पिशवीत होता, पिशवी मांडीवर. आणि मी तिच्यावर हात ठेवून पाठ म्हणावं तसं बोलले.

ही सवय घरची. दम्यामुळे पाचवीपर्यंत मी शाळेत गेले नाही, आत्याबाईंनी शिकवलं. मिटलेल्या पुस्तकावर पालथा हात ठेवायचा आणि म्हणायचं. अडलं तरी उघडायचं नाही. उघडलं की धडा पहिल्यापासून.

आज भोपाळच्या तयारीसाठी करार उघडला. चौथ्या कलमात दोन परिच्छेद आहेत. पृथ्वीभोवतीच्या कक्षेत किंवा अंतराळात कुठंही अण्वस्त्रं आणि महाविनाशाची शस्त्रं ठेवायची नाहीत, एवढंच पहिल्यात. लष्करी तळ नको, शस्त्रांच्या चाचण्या नकोत, हे दुसऱ्यात, आणि ते चंद्राबद्दल, ग्रहांबद्दल. चंद्राची बंदी मी सगळ्या आकाशाला लावून मोकळी झाले.

शिवाय मला तसं असावंसं वाटत होतं. हे जास्त लागतं.

१७ नोव्हेंबर, सोमवार

पलकला सांगणार होते. नाही सांगितलं.

दहावीला उपग्रहाची कक्षा शिकवली. एकीनं विचारलं, "मैडम, अपन ने भी तो सैटेलाइट गिराया था ना?" म्हटलं, हो, आपलाच, मुद्दाम खालच्या कक्षेतला. "उसके टुकड़े?" बहुतेक लवकर खाली येऊन जळले, काही बरेच दिवस फिरत राहिले. हे बोलून झाल्यावर स्टाफरूममध्ये जाऊन दोनदा तपासलं. बरोबर होतं. तरी तिसऱ्यांदा उघडलं.

आता मीठ किती घालायचं हेही उघडून बघावंसं वाटतंय.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

सांगितलं. मधल्या सुट्टीत, प्रयोगशाळेत. दोन्ही परिच्छेद तिच्यापुढे ठेवले. पलक ओठ हलवत वाचत राहिली. मला वाटलं, आता रडेल.

"मतलब वो लड़की सही थी?"

"हो."

"और आपने गलत बताया?"

"हो. मी."

ती खिडकीशी गेली, परत आली. "मैडम, पर इससे तो अपना पॉइंट और तगड़ा हो गया! रोक लगी होती तो लड़ना किस बात का? नहीं लगी है, इसीलिए तो लगवानी है."

दोन दिवसांत हे मला सुचलं नव्हतं. हसू आलं, मग खोकला, मग पुन्हा हसू. तिनं पाणी आणून दिलं.

दारातून वळून मात्र, "पर भोपाल... मैं जाऊँगी कि वो?"

म्हटलं, मला माहीत नाही. हे वाक्य धारला जमलं नव्हतं, आज जमलं.

२० नोव्हेंबर, गुरुवार

स्पर्धेचे संयोजक पाठक सर, धार. तीनदा फोन लावून कापला. चौथ्यांदा त्यांनीच केला.

"अरे मैडम, अब छोड़ो. ट्रॉफी बँट गई, फोटो छप गए. अंतरिक्ष में कौन तोप रख आया है अभी?"

म्हटलं, सर, प्रश्न तोफेचा नाही, त्या मुलीच्या गुणांचा आहे.

त्यांनी मुलीचं नाव विचारून लिहून घेतलं. मग, "लिखकर दे दो. समिति में रख दूँगा. बदलेगा कि नहीं, वादा नहीं करता."

पत्र लिहिलं, एका पानाचं. 'अनवधानाने' लिहिलं होतं, ते काढलं. अवधान होतं, पुस्तक उघडलं नव्हतं. 'न पडताळता' असं घातलं. पोस्टातून येताना पायऱ्या चढले आणि दम लागला नाही.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

आत्याबाईंना सांगायचं राहिलं होतं. सांगणं म्हणजे त्यांच्या शिकवण्याला नाव ठेवणं, असं वाटायचं.

त्या मेथी निवडत होत्या. पूर्ण ऐकलं. "तुजला विचारले तेव्हा उघडून का नाही पाहिलेस?"

"तुम्ही उघडू द्यायचा नाहीत."

"तू सात वर्षांची होतीस, गं!" मग देठ खुडत, हळू, "उघडायची भीती बसेल हे मजला कळलेच नाही."

माझ्याच डोळ्यांत पाणी. त्यांनी ते पाहून मेथीची जुडी माझ्यापुढे सरकवली. "दुनिया आकाशात शस्त्रे ठेवायला निघाली, आणि आमची बाई पिशवीवर हात ठेवून बसली. वाच काय लिहिले आहे ते."

कलम मराठीत करून सांगितलं.

"म्हणजे वरती साधी तोफ ठेवली तर चालते?"

"या करारात तिला मनाई नाही."

"मग कोणी विचारीत का नाही?"

म्हटलं, विचारतात, वर्षानुवर्षं बैठका चालल्यात. शस्त्र कशाला म्हणायचं इथंच अडतं. बिघडलेला उपग्रह धरून दुरुस्त करणारं यान दुसऱ्याचा चांगला उपग्रह धरून मोडूही शकतं.

आत्याबाई म्हणाल्या, "सांडशी. कढई धरायची की कोणाचे बोट, हे तिला काय ठाऊक!"

हे पलकला द्यायचं. रेशमलाही.

आता झोप येतेय. बऱ्याच दिवसांनी.

२२ नोव्हेंबर, शनिवार

डहीच्या शाळेतून रेशमच्या घरचा नंबर मिळाला. फोन रेशमनंच उचलला. मी नाव सांगितलं, शाळाही.

मी सगळं सांगितलं. माफी मागितली.

"मैडम, मैं तो किताब में पढ़कर बोली थी. फिर आपने बोला तो मुझे लगा, मेरी किताब ही गलत होगी."

तुझं पुस्तक बरोबर होतं, मी पुन्हा सांगितलं.

म्हटलं, समितीला पत्र दिलंय, निकाल बदलेल की नाही ठाऊक नाही.

"निकाल का तो ठीक है. पर यहाँ सब चिढ़ाते हैं. बैठ जा बेटा, बैठ जा. सर भी एक बार बोल दिए, हँसी में." मग एकदम, "आप प्रार्थना में आकर बोलोगी? सबके सामने?"

हो म्हटलं. विचार न करता हो म्हटलं, आणि ते उघडून तपासावंसं वाटलं नाही.

"पर मैडम, हथियार वाली बात पर मैं अभी भी आपसे सहमत नहीं हूँ."

म्हटलं, नकोच होऊस. आल्यावर भांडू.

२३ नोव्हेंबर, रविवार

प्राचार्यांच्या घरी जाऊन रजा मागितली, मिळाली. प्राचार्य म्हणाल्या, चिठ्ठी पाठवली असती तरी चाललं असतं. तिच्यावर हसले ते सगळ्यांसमोर, मग चूकही सगळ्यांसमोरच सांगायची, म्हटलं. त्यांनी मान डोलावली आणि सही केली. मी उगाच नकार मनात धरून गेले होते.

पलक येते म्हणतेय. तिच्या आईनं अजून हो म्हटलेलं नाही. समितीकडून काही नाही.

आत्याबाईंनी करार नव्या प्लास्टिकच्या पिशवीत घालून दिला. "वाचून दाखीव. पाठ म्हणू नकोस."

उद्या दुपारच्या गाडीनं धार, मुक्काम मावशीकडे. तिथून पहाटेची गाडी, कुक्षीला बदलायची. डहीच्या शाळेत प्रार्थना साडेदहाला.

मंगळवारी, २५ नोव्हेंबरला, तिथं सगळ्यांसमोर करार उघडून वाचायचा.