दृष्ट काढताना पडलेलं विमान

१० फेब्रुवारी
संदीपनं संगणकाला कॅमेरा जोडलाय. (नवऱ्याचं नाव इथंच लिहिते, घरात तोंडानं घेत नाही.) विमानांच्या लढाईच्या खेळासाठी कुठलंसं फुकटचं सॉफ्टवेअर. याची मान वळेल तिकडचं पडद्यावरच्या विमानातून दिसतं. सैन्यभरतीत नापास झाल्यापासून युद्ध घरातच. बेदाण्याच्या शेडवर माणसं खोळंबलीत आणि साहेब आभाळात.

१२ फेब्रु.
चहा द्यायला वाकले. कॅमेऱ्यानं त्याचं तोंड सोडून माझं धरलं. पडद्यावर सगळं भलतीकडं वळलं, तेवढ्यात विमान पाडलं कुणीतरी. आधी त्यानं माझा हात पिरगाळला, मग कानाखाली. अजून सूं वाजतंय. सासूबाई दारातच होत्या. "खेळताना कशाला जायाचं गं? कुणी इचारलं तर घसरले म्हण."

१५ फेब्रु.
डावा कान बंद. तासगावला डॉक्टरांना सांगितलं, न्हाणीत घसरले. ते बघतच राहिले. लय राग आला. सगळ्यात जास्त माझाच.

२१ फेब्रु.
बसल्या जागी सारखी मान झटकतो, म्हणून सासूबाईंना वाटतं पोराला दृष्ट लागली. आज मीठमोहऱ्या मुठीत घेऊन मागनं आल्या, आणि खेळ चालू असतानाच तोंडावरनं उतरायला लागल्या. मूठ कॅमेऱ्याच्या आडवी आली. आभाळ गरगरलं, विमान जमिनीत. त्यानं मागं न बघता कोपर हाणलं. मग वळला. आई आहे हे दिसलं, तरी ठोसा घातला. ते 'तरी' मी विसरणार नाही.
"आवं, आई हाय ती!"
"मग काय? जिंकत आलतो मी!"
फरशीवर रक्त, मोहऱ्या, एक दात.

२२ फेब्रु.
सासूबाईंना घेऊन त्याच डॉक्टरांकडं. "आजी, कसं झालं?" मी मनात म्हटलं, एकदा खरं बोला, माझंही खरं ठरेल. सुजल्या ओठांतनं आलं, "न्हाणीत घसरले." दगडानं ठेचावंसं वाटलं. कुणाला, कळेना.

२४ फेब्रु. दुपार
जेवणाचं ताट आत नेऊन दिलं तर त्यानं भिंतीवर फेकलं. दार ओढून घेऊन परत खेळायला बसला. सासूबाईंनी आमटी पुसली, हात धुतले आणि खलातला बत्ता माझ्या हातात दिला.
"माझ्या मनगटात जोर न्हाई. दार मी उघडते."
"आत्या, मरंल तो."
"हातावर घाल."
बत्ता मांडीवर ठेवून लिहितेय. त्या दाराशी उभ्या आहेत, कडीला हात लावून. माझ्याकडं बघतायत.